आंब्यावरील बांडगूळ व गांवाचें कर्तव्य

मराठी भाषेंत कोणास बांडगूळ म्हटलें असतां त्यास राग येतो. स्वतः जमिनीस पाय न लावतां दुसऱ्याच्या कमाईवर जगणारा मनुष्य, असा त्या शब्दाचा अर्थ लहान मुलासही कळतो. परंतु ज्या वनस्पतीवरून ही शिवी निघाली ती आपल्या बांधावरच्या आंब्यावर दहा-दहा वर्षें सुखानें नांदत असली, तरी मान वर करून तिच्याकडे पाहण्याची आपणांस फुरसत होत नाहीं. नेरे गांवाहून वाजे, मालडुंगे, धोदाणीकडे जाणाऱ्या रस्त्यानें हिवाळ्यांत कोणीही चालत जावें आणि दोहों बाजूंच्या बांधांवरील जुने आंबे पाहावे. बांडगुळाचा एकही झुपका नाहीं असें झाड विरळाच आढळेल.

माझें म्हणणें थोडक्यांत असें आहे. आंब्यावरील बांडगूळ हा एकेका मालकाचा खासगी प्रश्न नसून तो साऱ्या गांवाचा प्रश्न आहे. म्हणून तें काढण्याचें काम प्रत्येक गांवानें दरसाल एक आठवडा ठरवून, सर्वांनीं मिळून, सर्व झाडांवर एकदम केलें पाहिजे. आणि तें काम वाडींत व बांधावर करावें, रानांत करूं नये. ह्या तिन्ही गोष्टींचीं कारणें पुढें क्रमानें सांगतों.

प्रथम ही वनस्पति काय आहे तें पाहूं. संस्कृत कोशकारांनीं तिला वंदा, वृक्षरुहा व वृक्षादनी अशीं नांवें दिलीं आहेत. वृक्षरुहा म्हणजे झाडावर उगवणारी व वृक्षादनी म्हणजे झाड खाणारी. थिओडोर कुक यांनीं १९०१ ते १९०८ ह्या काळांत मुंबई इलाख्यांतील वनस्पतींवर जो मोठा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला त्यांत ती लोरँथस ह्या नांवाखालीं सांपडते. हल्लींचे वनस्पतिशास्त्रज्ञ तिला डेंड्रॉप्थो फाल्काटा म्हणतात. ह्यांतील पहिल्या शब्दाचा ग्रीक भाषेंतील अर्थ झाडाचा क्षय असाच आहे. आपल्या पूर्वजांनीं व परदेशच्या पंडितांनीं, एकमेकांस न विचारतां, तिला एकाच अर्थाचीं नांवें द्यावीं, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. आंबा हें तिचें एकच घर नव्हे. चिकू, पेरू, साग, शिसव अशा तीनशेंहून अधिक जातींच्या झाडांवर ती वाढलेली आढळली आहे.

बांडगूळ हें सर्वस्वीं परावलंबी नाहीं. त्याचीं पानें हिरवीं असतात व सूर्यप्रकाशांत तें आपलें अन्न स्वतः तयार करतें. परंतु जमिनींत त्यास मूळ नाहीं. अन्न तयार करण्यास लागणारें पाणी व क्षार तें आंब्याच्या फांदींतून ओढून घेतें. बीज फांदीच्या सालीवर चिकटतें, तेथेंच रुजतें आणि सालीस घट्ट धरणारी एक चकती तयार करतें. त्या चकतींतून निघालेला शोषक साल भेदून आंतल्या लांकडापर्यंत पोंचतो, व ज्या नळ्यांतून जमिनीचें पाणी पानांकडे चाललेलें असतें त्या नळ्यांसच जाऊन भिडतो. कालव्याच्या वरच्या अंगास कोणीं रात्रीं पाट फोडून घ्यावा, तसा हा प्रकार आहे. त्या जागीं फांदीस गांठ येऊन ती सुजल्यासारखी दिसते. वरचा झुपका ओढून काढला तरी आंतला शोषक जिवंत राहतो, व त्यामुळें पुष्कळदां बांडगूळ त्याच जागेवरून पुन्हां फुटतें.

ह्या चोरीचें मोल आपणांस फाल्गुन-चैत्रांत द्यावें लागतें. कोरडा वारा सुटला म्हणजे आंब्याचें झाड पानांचीं सूक्ष्म रंध्रें मिटून पाण्याचा खर्च कमी करतें. बांडगूळ मात्र तीं बहुधा उघडीं ठेवतें, कारण पाणी ओढल्यावांचून त्यास क्षार मिळत नाहींत, आणि पाणी त्याच्या घरचें नाहीं. म्हणजे कैरी पोसण्याच्या दिवसांतच फांदीचें पाणी दुसरीकडे जातें. प्रथम बांडगुळाच्या पुढचा शेंडा खुरटतो. मोहोर कमी येतो. फळ बारीक राहतें. मग शेंडा वाळतो. असें होतां होतां कांहीं वर्षांनीं झाडावर आंब्याचें पान थोडें व बांडगुळाचें पान फार, अशी स्थिति होते. दुरून पाहणारा म्हणतो, झाड कसें हिरवेंगार आहे! फळ उतरविणारा मात्र टोपली रिकामी घेऊन खालीं येतो.

बांडगूळ ओळखणें कठीण नाहीं. आंब्याचें पान चोळलें असतां त्यास कैरीसारखा वास येतो. बांडगुळाच्या पानास तो वास नाहीं, आणि तें जाड, चामड्यासारखें व किंचित् राखट हिरवें असतें. त्याचीं फुलें नळीसारखीं लांबट, नारिंगी-तांबूस रंगाचीं असून त्यांचा मुख्य बहर हिवाळ्यापासून उन्हाळ्यापर्यंत असतो. फळ लहान, लांबट गोल, पिकल्यावर गुलाबी-तांबडें आणि आंतून अतिशय चिकट असतें. येथें एक सूचना करणें जरूर आहे. आंब्याच्या खोडावर वाढणाऱ्या आमरीस, म्हणजे ऑर्किडास, आणि बाशिंग नांवाच्या नेच्यास पुष्कळ लोक बांडगूळच समजून उपटून टाकतात. तसें करूं नये. त्यांच्या मुळ्या सालीच्या वरच राहतात. तीं झाडाचा आधार घेतात, रस घेत नाहींत. ओसरीवर पथारी पसरणारा पाहुणा वेगळा आणि कोठारांत हात घालणारा वेगळा.

आतां मुख्य मुद्द्याकडे वळतों, तो म्हणजे ही वनस्पति पसरते कशी. फुलटोच्या नांवाचा एक अगदीं लहान, आंगठ्याएवढा, मातकट रंगाचा पक्षी आपल्या वाड्यांतून चिक् चिक् असा आवाज करीत सतत फिरत असतो. बांडगुळाचें पिकलें फळ हें त्याचें आवडतें खाद्य आहे. फळाचा गर त्यास पचतो, बीज पचत नाहीं. तें थोड्याच मिनिटांत चिकट तारेसह बाहेर पडतें व तो पक्षी जेथें बसला असेल त्या फांदीस चिकटतें. झाली पेरणी! तेंच बीज जमिनीवर पडलें तर मरतें; जिवंत फांदी मिळाली तरच जगतें. फुलांतील मध घेणारे सूर्यपक्षी फळधारणेच्या कामीं बांडगुळास मदत करतात, आणि फुलटोच्या त्याचें बीज वाहून नेतो. सुप्रसिद्ध पक्षिशास्त्रज्ञ डॉ. सलीम अली यांनीं १९३१ सालीं मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकांत नेमक्या ह्याच विषयावर, म्हणजे कोंकणांतील बांडगुळाच्या प्रसारांत सूर्यपक्षी व फुलटोचे यांचा वांटा किती, ह्यावर स्वतंत्र लेख लिहिला होता. तात्पर्य, ही माहिती आपल्याच कोंकणांत जमा होऊन नव्वदांहून अधिक वर्षें लोटलीं आहेत. ती शेताच्या बांधापर्यंत पोंचली नाहीं, इतकेंच.

शेतकऱ्यानें ह्यांतून काय घ्यावें? फळ पोटांत गेल्यापासून बीज बाहेर पडेपर्यंत फार वेळ जात नाहीं. यामुळें बहुतेक बीजें त्याच झाडावर किंवा आसपासच्या झाडांवर पडतात. तुमच्या आंब्यावरचें बांडगूळ माथेरानच्या माथ्यावरून आलेलें नाहीं; तें बहुधा शेजाऱ्याच्या झाडावरून आलें, आणि पुढील सालीं तुमच्या झाडावरून तिसऱ्याकडे जाईल. एकट्यानें आपलें झाड साफ केलें व शेजारचें तसेंच राहिलें, तर थोड्याच वर्षांत पुन्हां पहिल्यासारखी स्थिति होते, आणि साफ करणारा म्हणतो, हा सारा खटाटोप व्यर्थ आहे. त्याचा खटाटोप व्यर्थ नव्हता. तो एकट्याचा होता हाच त्यांतला दोष. एकाच घरांत उंदीर मारून गांवचे उंदीर संपत नाहींत, हें आपण सर्व जाणतों. बांडगुळासही तोच न्याय लागू आहे.

आमच्या भागांत हा उपद्रव वाढण्याचीं दोन कारणें मला दिसतात. पहिलें झाडांचें आहे. बांडगुळास ऊन फार लागतें. दाट रानांत, जेथें झाडास झाड लागून सावली असते, तेथें त्यास फारसा वाव मिळत नाहीं. उघड्यावर एकट्या उभ्या असलेल्या, विरळ झालेल्या जुन्या आंब्यावर मात्र त्यास हवें तेवढें ऊन मिळतें. आणि आसपास दुसरीं झाडें थोडीं उरल्यामुळें पक्षीही त्याच झाडावर येऊन बसतात. गाढी नदीच्या दोहों कांठांच्या शेतांतून जसजशीं बांधावरचीं इतर झाडें गेलीं, तसतसे उरलेले आंबे एकटे पडले, आणि एकट्या पडलेल्यावर बांडगुळानें आपला डेरा दिला.

दुसरें कारण माणसांचें आहे. मीं महसूल खात्यांत कारकुनी केली असल्यामुळें हें कारण मला अधिक जवळून पाहावयास मिळालें. आंब्याच्या झाडांतील हिश्शांचे वाद कागदावर आले म्हणजे त्यांतील बारकावा पाहून थक्क व्हावें. एका झाडांत थोरल्या घराचा आठ आणे, मधल्याचा चार आणे, धाकट्याचे दोघे मुलगे दोन-दोन आण्यांचे धनी. एक सालाआड फळ कोणाचें, वाऱ्यानें पडलेली कैरी कोणाची, वाळलेली फांदी कोणाची, हें सर्व ठरलेलें असे. एकाच झाडासाठीं तीन पिढ्यांच्या नोंदींच्या नकला मागणारे वारस मीं पाहिले आहेत. त्या सर्व कागदांत एक गोष्ट मला कधींच आढळली नाहीं : झाडावर चढून बांडगूळ कोणीं काढावयाचें. हक्क आण्यांत वांटला गेला. कर्तव्य कोणाच्याच वांट्यास आलें नाहीं.

अलीकडे ह्यांत आणखी भर पडली आहे. २०१३ सालच्या अधिसूचनेनें पनवेल तालुक्यांतील पुष्कळ गांवें विमानतळाच्या प्रभावक्षेत्रांत, म्हणजे लोक ज्यास नैना म्हणतात त्यांत, आलीं. जमिनीची किंमत गुंठ्यावर मोजली जाऊं लागली व तिच्यावर उभ्या असलेल्या झाडाची किंमत मोजण्याचें कोणास कारण उरलें नाहीं. सातबाऱ्यावर ज्याचें नांव आहे तो ठाण्यास किंवा मुंबईस राहतो. कुंपणाच्या आंत आंबा उभा असतो. फाटकास कुलूप असतें. आणि फुलटोच्या कुलुपाची पर्वा न करितां ये-जा करीत राहतो. जे शेतकरी अद्याप झाडांचा मक्ता देऊन चार पैसे मिळवितात त्यांची गोष्टही फार वेगळी नाहीं. मक्तेदार एका हंगामापुरता येतो. फळ उतरलें कीं त्याचा झाडाशीं संबंध संपला. पुढल्या सालची फांदी त्याची नव्हे.

कायद्यानें काय म्हटलें आहे तेंही पाहूं, कारण पुष्कळ लोक भीतीनें झाडास हात लावीत नाहींत. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिच्या अन्वयें धारकाच्या जमिनींत उभ्या असलेल्या झाडांचा हक्क सामान्यतः त्या धारकाचा असतो. जेथें हक्क तेथें निगा आलीच. आंब्याचें झाड तोडण्यास परवानगी लागते असें लोकांनीं ऐकलेलें असतें व तें खरें आहे. १९६४ च्या वृक्षतोड नियमनाच्या कायद्याच्या यादींत आंबा आहे. परंतु झाड पाडणें वेगळें आणि झाडावरचें बांडगूळ उतरवून झाड वांचविणें वेगळें. मोठी फांदी उतरविण्याची वेळ आलीच तर गांवच्या तलाठ्यास, ज्यास आतां ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, व वनखात्याच्या कचेरीस आधीं विचारावें आणि उत्तर लेखी घ्यावें. हातांत कागद असला म्हणजे मागाहून कोणाच्या तक्रारीची धास्ती राहत नाहीं. हा सल्ला जन्मभर कागद सांभाळलेल्या मनुष्याचा आहे.

कामाची योग्य वेळ माझ्या मतें भाताची कापणी-झोडणी उरकल्यावर व आंब्यास मोहोर येण्यापूर्वीं, म्हणजे साधारणतः कार्तिकाच्या अखेरीपासून मार्गशीर्षाच्या मध्यापर्यंत आहे. पावसाळ्याचें शेवाळ वाळलेलें असल्यानें चढणारा घसरत नाहीं. मजूर मोकळे असतात. आणि उन्हाळ्यांत पिकावयाचें बीज पक्ष्याच्या चोंचींत जाण्याआधींच आपण तें उतरवितों.

रीत पुढीलप्रमाणें ठेवावी. मनगटाएवढ्या किंवा त्याहून बारीक फांदीवर बांडगूळ असेल तर गांठीच्या खालीं, म्हणजे खोडाकडील बाजूस, हातभर अंतर सोडून ती फांदीच करवतीनें कापावी. कोयत्याच्या घावानें साल सोलून निघते, म्हणून करवत बरी. जाड फांदीवर किंवा खोडावर असेल तर फांदी कापूं नये. बांडगूळ छाटून गांठ व सालींत शिरलेले शोषक पटाशीनें खरवडून काढावे. प्रत्येक जखमेवर बोर्डो मलम लावावें. मोरचूद १ किलो, चुना १ किलो व पाणी १० लिटर हें त्याचें प्रमाण आहे. मोरचूद व चुना निरनिराळ्या भांड्यांत भिजवून मग एकत्र करावे, आणि भांडें लोखंडी नसावें. पुढील दोन वर्षें त्या जागेवर नजर ठेवून नवा कोंब दिसतांच खुडून टाकावा. तणनाशक लावून काम सोपें करण्याचा मोह धरूं नये. बांडगूळ व आंबा हे आंतून एकमेकांस जोडलेले असतात. एकास दिलेलें विष दुसऱ्याच्या आंगांत जाण्याचा संभव असतो. उतरलेला पाला शेळ्यांस घालतां येतो. फळें लागलेल्या डहाळ्या मात्र खड्ड्यांत पुराव्या, म्हणजे त्या पक्ष्यांस मिळणार नाहींत.

झाडावर चढणें हें जोखमीचें काम आहे, हें विसरतां कामा नये. चढणाऱ्याच्या कमरेस दोर असावा. जवळून विजेची तार गेली असेल तर महावितरणच्या माणसांकडून प्रवाह बंद करवून घेतल्याशिवाय शिडी लावूं नये. आमच्याकडील वाड्यांतील ठाकूर व कातकरी बांधव ह्या कामांत जितके वाकबगार आहेत तितके दुसरे क्वचित् आढळतात. त्यांस टोपलीभर आंब्यांच्या वायद्यावर बोळवूं नये. ज्याचा जीव फांदीवर टांगलेला आहे त्याची मजुरी जमिनीवर उभ्या असलेल्यापेक्षां अधिक असली पाहिजे व ती त्याच दिवशीं हातावर पडली पाहिजे.

ह्यावर दोन आक्षेप येतील. पहिला असा कीं, बांधावरच्या रायवळ आंब्याचें उत्पन्न तें काय, त्यासाठीं इतका खर्च कोणीं करावा? हा हिशेब अपुरा आहे. २०१८ सालीं कोंकणच्या हापूसास भौगोलिक मानांकन मिळालें, त्यांत आपल्या रायगड जिल्ह्याचाही समावेश आहे. परंतु हापूसचें कलम ज्या रोपावर बांधतात तें रोप रायवळाच्याच कोयीपासून होतें. लोणच्याची कैरी रायवळाची, आमरसास गोड बिटकी रायवळाची, भर उन्हांत बैलांस व माणसांस सावली रायवळाची. शिवाय रायवळ झाड कोयीपासून उगवलेलें असल्यानें प्रत्येकाचा गुण निराळा असतो. एखादें गेलें तर तसेंच दुसरें कोणत्याही रोपवाटिकेंत विकत मिळत नाहीं. आणि हापूसची वाडी असणाऱ्यानें हेंही ध्यानांत घ्यावें कीं, बांधावरच्या रायवळावर बांडगूळ राहिलें तर त्याचें पुढचें घर कलमावरच होणार आहे.

दुसरा आक्षेप सुशिक्षित तरुण घेतात व तो अधिक विचार करण्यासारखा आहे. ते म्हणतात, बांडगूळ हीही आपल्या देशचीच वनस्पति आहे. तिच्या फुलांवर सूर्यपक्षी जगतात, फळांवर फुलटोचे जगतात, हळदीकुंकू नांवाच्या सुंदर फुलपांखराच्या अळ्या तिचींच पानें खाऊन वाढतात. मग तिचा नाश कां करावा? मी म्हणतों, नाश करूंच नये. नाश केल्यानें काय होतें ह्याचें उदाहरण जगांत आहे.

न्यूझीलंड हीं दक्षिण समुद्रांतील, मोठ्या भूखंडांपासून फार दूर असलेलीं बेटें. त्यांतील उत्तरेकडच्या बेटांत ट्रायलेपिडिया ॲडॅम्सी नांवाचें एक बांडगूळ होतें. जगांत दुसरीकडे तें कोठेंच नव्हतें. १९५४ सालीं तें शेवटचें पाहिलें गेलें. पुढें तें कोणास आढळलें नाहीं, व आतां तें पृथ्वीवरून नाहींसें झालें असें मानतात. रान तोडलें गेलें. बाहेरून आणलेल्या प्राण्यांमुळें तेथील पक्षी कमी झाले. ऑस्ट्रेलियांतून आणलेला पॉसम नांवाचा झाडावर चढणारा प्राणी पाला खाऊं लागला. संग्रह करणाऱ्यांनींही हात मारला, अशीं कारणें शास्त्रज्ञ सांगतात. फूल फळावयास पक्षी पाहिजे, बीज पेरावयास पक्षी पाहिजे; तो कमी झाला म्हणजे बांडगूळही ओसरतें. आज तेथें उरलेल्या दुसऱ्या जातींचीं बांडगुळें वांचविण्यासाठीं झाडांच्या बुंध्यास पत्र्याचे पट्टे बांधतात, म्हणजे पॉसम वर चढूं नये.

एका देशांत बांडगूळ राखण्यासाठीं बुंध्यास पत्रा बांधतात व दुसऱ्या देशांत तेंच उतरविण्यासाठीं शिडी लावावी लागते, यांत कांहींही विसंगति नाहीं. दोन्ही ठिकाणीं मनुष्यानें रानाचें प्रमाण बिघडविलें. तेथें पक्षी गेले म्हणून बांडगूळ गेलें. येथें रान मागें हटून झाडें एकटीं पडलीं म्हणून बांडगूळ माजलें. तेव्हां मर्यादा आंखून घेणें हाच शहाणपणा आहे. माथेरानच्या उतारावरील रानांत, प्रबळगडाच्या पायथ्याशीं, १९६८ सालापासून पक्ष्यांसाठीं राखलेल्या कर्नाळ्याच्या अभयारण्यांत बांडगुळास कोणीं हात लावूं नये. तेथें तें पाहुणें नाहीं, घरचें आहे. आणि पक्ष्यांचें व फुलपांखरांचें पोट तेथें भरूं द्यावें. आपल्या वाडींत व बांधावर, जेथें झाड आपण लावलें किंवा आपल्या आजोबांनीं राखलें, तेथें मात्र झाडाचा पक्ष घेणें आपणांस प्राप्त आहे.

आतां करावयाचें काय तें सांगतों. ग्रामसभा २ ऑक्टोबरच्या सुमारास भरते. त्या सभेंत हा विषय घेऊन गांवानें पुढील कामाचा आठवडा ठरवावा. त्याआधीं गांवांतील बांधावरच्या व वाड्यांतील आंब्यांची एक नोंदवही करावी : गट नंबर, झाडांची संख्या, धारकाचें नांव, बांडगूळ आहे कीं नाहीं, व काढल्याची तारीख. इतके पांच रकाने पुरे. पीकपाहणी करणाऱ्या गांवास हें काम जड नाहीं. जे धारक बाहेरगांवीं राहतात त्यांस ग्रामपंचायतीनें पत्र पाठवून फाटक उघडण्याची संमति व खर्चाचा वांटा मागावा. कोणी वांटा न दिल्यास तेवढ्यासाठीं त्याचें झाड सोडूं नये, कारण त्यांत नुकसान त्याच्या शेजाऱ्याचें आहे. संमति मात्र घ्यावीच. ज्या झाडांत अनेक हिस्से आहेत तेथें जितके आणे हक्क तितके आणे खर्च, हा नियम करावा. त्यावर वाद होण्याचें कारण नाहीं. मक्ता देतांना करारांत एक ओळ घालावी कीं, बांडगूळ काढण्याचा खर्च मक्त्याच्या रकमेंतून आधीं बाजूस ठेवला जाईल. करवती, दोर व मोरचूद आपल्या संघानें एकदां खरेदी करून गांवोगांव फिरतीवर द्यावीं.

हें काम एका सालांत संपणार नाहीं. पहिल्या सालीं मोठे झुपके उतरतील, दुसऱ्या सालीं राहिलेले कोंब, तिसऱ्या सालीं चुकलेलीं झाडें. त्यानंतर दरवर्षीं अर्ध्या दिवसाची नजर पुरेल. त्याच जोडीनें प्रत्येक धारकानें बांधावर निदान एक नवें झाड लावावें, मग तो आंबा असो, फणस असो वा जांभूळ असो, म्हणजे उरलेले आंबे एकटे राहणार नाहींत. एकट्या झाडाचें व एकट्या शेतकऱ्याचें दैव पुष्कळ अंशीं सारखेंच असतें.

नेरे गांवची नोंदवही तयार करण्याचें काम मी विनामूल्य करण्यास तयार आहें. आपल्या संघांतील प्रत्येक गांवीं असा एकतरी मनुष्य निघेल अशी माझी खात्री आहे. त्यानें वही घालावी, सभेपुढें ठेवावी व पहिली शिडी आपल्याच झाडास लावावी. येत्या मोहोराच्या आधीं एवढें झालें तरी पुढील चैत्रांत त्याचें फळ डोळ्यांस दिसूं लागेल.

— एक निवृत्त महसूल कारकून, नेरे, तालुका पनवेल